हिंमतरावांच्या ताटात राहिलेला गड्डा

सावरमाळ गावात लग्न असो, बारसं असो की हनुमान जयंतीचा भंडारा, माणूस पंगतीला बसला की आधी त्याला हिंमतरावांची आठवण होते आणि मग भुकेची. कारण जेवण झाल्यावर उष्टी ताटं ज्या टबात ठेवायची, त्या टबाशी हिंमतराव उभे असतात. पांढरा सदरा, डोक्यावर टोपी, हात पाठीमागं आणि नजर समोरच्याच्या ताटात. ताट कोरं असलं की त्यांची मान हलते. ताटात पुरीचा एवढासा तुकडा दिसला की मान हलत नाही, बोट हलतं. ते बोट पंगतीकडं दाखवतं आणि माणूस मुकाट्यानं परत जाऊन बसतो.

हे काम त्यांना ना ग्रामपंचायतीनं दिलं, ना देवस्थानानं. बहात्तरच्या दुष्काळात सरकारी सुकडी खाऊन वाढलेला हा माणूस. पुढं कुणाच्या तरी लग्नात उष्ट्यानं भरून वाहणारी पाटी त्यांनी पाहिली, पाटीशेजारी जाऊन उभे राहिले, आणि त्याला आता चाळीस वर्षं झाली. एकदा त्यांनी खुद्द नवरदेवाला अर्ध्या जिलबीसाठी परत बसवलं होतं. लग्नाच्या अल्बममध्ये तो फोटो आहे. नवरी हसतेय, नवरदेव जिलबी खातोय आणि मागं एक बोट दिसतंय.

कायदा एका ओळीचा: वाढलेलं सगळं खायचं. सूट फक्त लाकडाला. म्हणजे आंब्याची कोय आणि भाजीचा जून बुडखा. वांग्याचं देठ लाकडात बसत नाही, म्हणून सावरमाळची माणसं वांगं देठासकट खातात आणि सासुरवाडीला गेली की तिथल्या लोकांना त्याचं नवल वाटतं. शेवग्याच्या शेंगेनं मात्र हिंमतरावांची पंचाईत केली. चघळून टाकलेली शेंग लाकूड म्हणावी की अन्न, याचा निवाडा होईना. तेव्हा त्यांनी भंडाऱ्याच्या आमटीतून शेवगाच हद्दपार केला. बिराप्पा आचारी दर वर्षी विचारतो आणि दर वर्षी गप्प बसतो.

दुसरा कायदा त्यांनी फक्त स्वतःला लावलेला. ताटाभोवती पाणी फिरवलं की हात धुवेपर्यंत तोंडातून शब्द काढायचा नाही. घराला आग लागली तरी हिंमतराव आधी जेवण उरकतील आणि मग सांगतील की आग लागली आहे.

तर अशा माणसाच्या घरी त्यांची नात राजनंदिनी हैदराबादहून तीन आर्टिचोक, म्हणजे एका परदेशी भाजीची बोंडं, घेऊन आली.

राजनंदिनीनं सोलापुरात हॉटेलचं शिक्षण घेतलं आणि ती हैदराबादच्या एका मोठ्या हॉटेलात स्वयंपाकघरात लागली. तिथं तिचं पहिलं वर्ष हे आर्टिचोक सोलण्यात गेलं. त्याच्या चिकानं बोटं काळी पडतात, लिंबू चोळलं तरी डाग आठ दिवस जात नाहीत. वर्षभर काळी बोटं घेऊन फिरलेल्या पोरीला एवढंच वाटत होतं की ज्याच्यापायी आपण राबलो, ते एकदा आबांना खाऊ घालावं. भंडाऱ्याच्या आदल्या दिवशी ती नळदुर्गला बसमधून उतरली ती तिन्ही बोंडं ओल्या फडक्यात गुंडाळून मांडीवर घेऊनच.

तिची आई महेश्वरी हिनं फडकं उघडून पाहिलं आणि लगेच मिटलं.

"हे करडईचं बोंड हाय."

"आई, करडईच्याच जातीतलं आहे, पण हे खायचं असतं."

"करडई काढताना पायाला पोती बांधत होते मी. तरी पाय फाटायचे. आता ती ताटात घेऊ व्हय? माझं राहू दे बाजूला. दोनच शिजीव."

दोनच शिजवली. देठ कापलं, पानांची काटेरी टोकं कात्रीनं छाटली आणि पाऊण तास उकडत ठेवली. पाऊण तासात तुरीची डाळ शिजून, माणसं जेवून, भांडीसुद्धा घासून होतात, हे महेश्वरीनं तीन वेळा सांगितलं.

एक आबांसाठी आणि एक राजनंदिनीसाठी, असा बेत होता. पण झाकण काढायला आणि नागप्पा दारात यायला एकच गाठ पडली. नागप्पा म्हणजे हिंमतरावांचा शाळेपासूनचा मित्र. त्याची पिठाची गिरणी आहे. दुपारी गिरणी बंद करून घरी जाताना याच दारावरून जातो आणि वास आला की आत वळतो. अख्ख्या पंचक्रोशीत हिंमतरावांना "हिंमता" म्हणणारा तो एकटा. दात सगळे गेलेले, कवळी आहे, पण ती त्याच्या जबड्यापेक्षा जरा मोकळीच बसते.

"काय शिजवलंस गं पोरी? वास बटाट्याचा येतोय आन दिसतंय कमळासारखं."

त्यालाही पाट मांडला. दोघांच्या ताटात एकेक बोंड, दोन मुठींएवढं, खवल्यांवर खवले बसलेलं, आणि शेजारी वाटीत लोणी, लसूण, लिंबू. भाकरी आणि पिठलंही होतं, कारण त्याशिवाय आबा त्याला जेवण म्हणत नाहीत.

"आबा, आधी ऐका, हे खायची एक पद्धत असते—"

"नंदे, अडुसष्ट वर्षं झाली खातोय. आता खायला शिकवतीस व्हय मला?"

एवढं बोलून त्यांनी तळहातावर पाणी घेतलं आणि ताटाभोवती फिरवलं. झालं, तोंड बंद.

पहिलं पान त्यांनी ओढून काढलं, लोण्यात बुडवलं आणि अख्खं तोंडात घातलं. लोणी गेलं, लसूण गेला, आणि मागं जे उरलं ते कडब्याच्या जातीचं होतं. त्यांनी ते चावलं. उजवीकडून डावीकडं नेलं, डावीकडून उजवीकडं आणलं. कपाळावर घाम आला. मग डोळे मिटून गिळलं आणि दुसरं पान ओढलं.

"आबा, अहो ते सगळं नाही—"

बोट वर झालं. त्या बोटाच्या धाकात लहानाची मोठी झालेली पोर जागच्या जागी गप्प बसली.

इकडं नागप्पानं पान तोंडात घातलं तर ते चावायची सोयच नव्हती. कवळी सटकली. त्यानं पान बाहेर ओढलं तेव्हा पानाच्या बुडाचा मऊ गर कवळीला लागून आत राहिला आणि हातात नुसतं चिपाड आलं.

"नंदे, गर निघाला बघ. आता ह्या चिपाडाचं काय करू?"

"तेच बरोबर आहे काका. दातानं गर ओढून घ्यायचा आणि पान टाकून द्यायचं. ताटातच टाका."

हिंमतरावांचे कान बंद नव्हते. ताटातच टाका. स्वतःच्या नातीच्या तोंडून, स्वतःच्या घरात. शहरात राहून पोरगी नासधूस करायला शिकली, असं त्यांनी मनाशी धरलं आणि तिला धडा घालून द्यावा म्हणून पुढची तीन पानं एकदम तोंडात कोंबली. नागप्पाच्या ताटात चिपाडांचा ढीग चढत होता. हिंमतरावांना त्या ढिगावर बोलायची इतकी बोलणी सुचत होती, की एरवी कधी सुचली नसती. पण तोंडात पानं होती आणि तोंडावर स्वतःचाच कायदा होता. त्यांनी फक्त डोळे वटारले. नागप्पाला वाटलं, हिंमताला लई आवडलेलं दिसतंय.

पानं संपली. मधे दाट, बारीक, पांढरे केस होते, जोंधळ्याच्या कुसळासारखे. वाढलेलं सगळं खायचं. हिंमतरावांनी बोटानं केस उपटून तोंडात घातले.

मग जो ठसका लागला, तो शेजारच्या वाड्यापर्यंत ऐकू गेला. डोळ्यांतून, नाकातून पाणी आलं. महेश्वरी पाठीवर थापट्या मारायला लागली. नेमक्या त्याच वेळी राजनंदिनी नागप्पाला सांगत होती, "काका, हे केस चमच्यानं खरवडून काढा आणि खालचा गड्डा खा. खरं खायचं ते हेच." पण ठसक्यात ते हिंमतरावांच्या कानावर गेलं नाही. ठसका ओसरल्यावर त्यांनी भाकरी-पिठलं संपवून ताटात पाहिलं. तळाशी करडा, वाटोळा, पेरूएवढा तुकडा उरला होता. असले केस ज्याच्यावर उगवतात तो बुडखाच असणार. म्हणजे लाकूड. म्हणजे सूट. त्यांनी तांब्या घेतला, ताटातच हात धुतला, चूळ भरून आले आणि इतका वेळ साठलेलं सगळं बाहेर काढलं.

"नागप्पा, ताट बघ तुझं. वाढलं होतं त्याच्या दुप्पट दिसतंय. उकिरडा केलास. आन नंदे, तू बसून त्याला शिकवतीस? माझं ताट बघ."

राजनंदिनीनं त्यांचं ताट पाहिलं. हात धुतलेल्या गढूळ पाण्यात गड्डा तरंगत होता.

"आबा, हेच तर खायचं होतं."

"कंचं?"

"हे. हॉटेलात आम्ही पानं फेकून देतो आणि एवढंच वाढतो. एवढ्यासाठीच आणलं होतं." तिचा आवाज जरा खाली गेला. "तुम्ही सगळं टाकायचं ते खाल्लंत आणि खायचं ते टाकलंत."

मग नागप्पा हसायला लागला. हसता हसता कवळी ताटातल्या ढिगावर पडली. ती पुसून परत बसवत तो म्हणाला, "हिंमता, कडबा खाल्लास आन कणीस टाकलंस की रे."

संध्याकाळपर्यंत हिंमतरावांचा घसा कानशीनं घासल्यासारखा झाला. मिठाच्या गुळण्या केल्या, मध चाटला. घशाचं दुखणं परवडलं, पण उद्याचा भंडारा डोळ्यांसमोर होता. चाळीस वर्षांत पहिल्यांदा त्यांच्या ताटात अन्न राहिलं होतं, तेही ताटातलं सगळ्यात चांगलं, आणि त्याचा साक्षीदार गिरणीवाला. गावातलं प्रत्येक घर दळण घेऊन त्याच्याकडं जातं.

ते गिरणीवर गेले. नागप्पाला गप्प राहायला सांगावं असं ठरवून गेले होते, पण विनंतीचा शब्द त्यांच्या तोंडाला सवयीचा नव्हता. ते बाकावर बसले. ज्वारीच्या राशीचं बोलले. उन्हाचं बोलले. गिरणीच्या पट्ट्याचं बोलले.

"हिंमता," शेवटी नागप्पाच म्हणाला, "म्या कुणाला सांगणार न्हाय."

"कशाचं?"

"कशाचंच न्हाय. घरात बोललो, तेवढंच. आन मघाशी दळणाला दोघं-तिघं आली होती, त्यांनी विचारलं का हसतोस, मग सांगावं लागलं. लबाड बोलू व्हय मी?"

दुसऱ्या दिवशी मारुतीच्या देवळापुढं पंगती सुरू झाल्या. गव्हाची गुळातली खीर म्हणजे हुग्गी, पुऱ्या, वांग्याची भाजी, भात, आमटी. पहिली पंगत उठली आणि टबाशी रांग लागली. सगळ्यांत पुढं एक तरणा गडी होता. त्याच्या ताटात वांग्याची चार देठं.

बोट हलणार, तोच तो म्हणाला, "आबा, कणीस खाल्लंय. हा कडबा हाय."

मागची रांग हसली. दुसऱ्याच्या ताटात देठं आणि मिरची. तिसऱ्यानं देठांचं ताट तिरकं करून दाखवलं, "बघून घ्या आबा, गड्डा न्हाय राहिला." हिंमतरावांनी बोट दाखवलं. गडी परत गेला, पण हसत गेला. चाळीस वर्षांत हसत कुणी परत गेलं नव्हतं. दुसऱ्या पंगतीला टबात आणखी देठं पडली. तिसऱ्या पंगतीला टबात भातही पडायला लागला.

मग शंभुलिंग मास्तर आले. मास्तर निवृत्त, सभ्य, कुणाला टोचून न बोलणारे. त्यांच्या ताटात अर्धी वाटी हुग्गी होती. हिंमतरावांचं बोट वर झालं. मास्तरांनी बोटाकडं पाहिलं आणि अगदी शांतपणे विचारलं, "हिंमतराव, ज्याला स्वतःच्या ताटातलं खायचं कुठलं ते कळलं नाही, त्यानं आमच्या ताटात का बघावं?"

हे त्यांनी चिडून म्हटलं असतं तर बरं झालं असतं. ते खरोखर विचारत होते.

हुग्गी टबात गेली. ती पडल्याचा आवाज त्यांना जरुरीपेक्षा मोठा ऐकू आला.

"मास्तर, घरी जाऊ नका," ते म्हणाले. "शेवटच्या पंगतीपर्यंत थांबा. कुणीच जाऊ नका." आणि राजनंदिनीला हाक मारली, "नंदे, ते तिसरं बोंड हाय न्हवं? घरी जा आन शिजवून आण."

शेवटच्या पंगतीला वाढपी, आचारी आणि हिंमतराव बसतात. त्या दिवशी हिंमतराव बसले आणि बाकी अख्खं गाव उभं राहिलं. ताटात मधोमध ते बोंड. पाणी तळहातावर घेतलं, पण फिरवलं नाही.

"नंदे. सांग कसं खायचं."

मग तिनं सगळं सांगितलं. पान बाहेरून आत ओढत यायचं. बुडाकडची बाजू लोण्यात बुडवायची. दातांत हलकं धरून ओढायचं, चावायचं नाही. पान बाजूला टाकायचं. आतली पानं कोवळी, त्यांचं बूड थोडं जास्त खाता येतं. केस आले की हात आवरायचा, चमच्यानं खरवडून काढायचे, एकही ठेवायचा नाही. मग गड्डा, तो चवीनं, सावकाश.

"एवढंच?"

"एवढंच, आबा. काल हेच सांगत होते."

हिंमतरावांनी पाणी फिरवलं आणि खायला लागले. पान ओढ, बुडव, दातानं खरवड, टाक. पहिलं चिपाड त्यांनी ताटाच्या अगदी कडेला, कुणाला दिसू नये तसं ठेवलं. दहाव्या पानापर्यंत हात सरावला. पण ढीग चढायला लागला तशी गावात कुजबुज सुरू झाली. चाळीस वर्षं ज्या लोकांनी देठं गिळली होती, ती माणसं हिंमतरावांच्या ताटात चिपाडं पडताना पाहत होती.

"आबा, ढीग लागला की," कुणीतरी म्हणालं.

हिंमतराव बोलू शकत नव्हते.

बिराप्पा आचारी त्यांच्या शेजारीच बसला होता. तो वाकून बघत होता. बरंच बघून झाल्यावर तो म्हणाला, "आबा, शेवग्याची शेंग बी आशीच खात्यात. मग माझ्या आमटीनं काय घोडं मारलं होतं?"

यालाही उत्तर देता येत नव्हतं. कान मात्र लाल झाले.

केस खरवडले. गड्डा तोंडात घातला. सगळं गाव पुढं सरकलं. हिंमतरावांनी सावकाश चावला. खरं सांगायचं तर तो लागला उकडलेल्या बटाट्यासारखा, त्या बटाट्याच्या जरा शिकलेल्या भावासारखा. ह्येच्यासाठी दोन दिवस अब्रूचे धिंडवडे निघाले, असं त्यांच्या चेहऱ्यावर स्पष्ट लिहिलेलं होतं. पण नातीनं वर्षभर बोटं काळी केली होती आणि ती समोर उभी होती. त्यांनी मान हलवली. राजनंदिनी हसली. कोऱ्या ताटाला मिळणारी मान तिला पहिल्यांदाच भरल्या ताटावर मिळाली होती.

ते ताट घेऊन उठले. टबाशी नागप्पा उभा होता, हात पाठीमागं. त्यानं ढिगाकडं पाहिलं, मान हलवली नाही. बोट हलवलं. पंगतीकडं.

गाव खदखदून हसलं. हिंमतराव तसेच उभे राहिले. परत बसून तीस-चाळीस चिपाडं चावायची, म्हणजे कालचा घसा आणि नातीनं शिकवलेलं पाण्यात. टबात टाकायची, म्हणजे चाळीस वर्षांचा कायदा टबात. त्यांनी नागप्पाकडं पाहिलं, मास्तरांकडं पाहिलं, मग हात धुऊन चूळ भरली, कारण त्याशिवाय बोलायचं नव्हतं.

"चिपाड उष्ट्यात धरायचं न्हाय," ते म्हणाले आणि ताट टबात उपडं केलं.

कायदा बदलला, हे कळायला गावाला फार वेळ लागला नाही. अर्ध्या पुरीचं ताट घेऊन पदराआड थांबलेली दगडाबाई लगेच पुढं झाली.

"भाऊजी, ही पुरी टाकते. मला दात न्हायत. माझ्यासाठी ही चिपाडच हाय."

"दगडाबाई, पुरी ही पुरी असती. खा."

"नागप्पाला दात न्हायत, त्याला चालतंय."

"आन मला साखरेचा त्रास हाय," मागून दुसरा म्हणाला. "मला हुग्गी चिपाडच की."

"भाताची खरड हाय आबा, खाली लागलेली. ती कशात धरायची?"

दिवेलागणीपर्यंत हिंमतराव निवाडे देत उभे होते. मास्तर शेवटपर्यंत थांबले आणि घरी जाताना म्हणाले, आता तुमचं बघणं पटतं मला. हिंमतरावांना त्यात फारसं सुख वाटलं नाही. पाय दुखत होते.

तेव्हापासून हिंमतरावांचं सगळं अवघड झालंय. आधी कायदा एका ओळीचा होता आणि एका बोटावर चालत होता. आता प्रत्येक ताट म्हणजे एक खटला. तेजपान चिपाड, दालचिनी चिपाड, कढीपत्ता कोवळा असेल तर अन्न आणि जून असेल तर चिपाड. बिराप्पाच्या आमटीत शेवगा परत आला आणि शेंग नीट चघळली की नुसती चोखली, हे हिंमतरावांना उजेडाला धरून बघावं लागतं. परवा एका लग्नात कॉलेजच्या पोरींनी पनीर चिपाड आहे की नाही यावर त्यांच्याशी पंधरा मिनिटं वाद घातला. घरी येतात तेव्हा आवाज बसलेला असतो.

काल हैदराबादहून राजनंदिनीचा फोन आला.

"आबा, पुढच्या महिन्यात सुट्टी आहे. काय आणू?"

"काय बी आण, पर टाकायचं काय उरणार न्हाय आसं आण."

"मग साधी केळी आणते."

हिंमतरावांनी फोन दुसऱ्या कानाला लावला.

"आन साल?"